कामावरून घरी येताना अपघात झाला, तर भरपाई कोणाकडे मागायची?

गोव्यातल्या फोंड्याच्या एका बहिणीने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा: तिचा धाकटा भाऊ तीस वर्षांचा, वेर्णा औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात कंत्राटदारामार्फत फिटर. पगार महिना अठरा हजार. गेल्या ऑक्टोबरच्या शेवटी रात्रपाळी संपवून मोटरसायकलने घरी परतताना बोरी पुलाच्या अलीकडे समोरून आलेल्या भाड्याच्या कारने त्याला धडक दिली. कार पर्यटक चालवत होता. उजव्या पायाचे नडगीचे हाड मोडले, आत रॉड आहे, गुडघा पूर्ण वळत नाही. जिल्हा इस्पितळाच्या मंडळाने ४० टक्के अपंगत्वाचा दाखला दिला आहे. कंत्राटदार म्हणतो, अपघात रस्त्यावर झाला, कामावर नाही, तरी माणुसकी म्हणून पन्नास हजार देतो, कागदावर सही कर. विमा कंपनीच्या वतीने आलेला माणूस म्हणतो, अडीच लाख लगेच मिळतील, कोर्टाच्या भानगडीत पडू नका. एकूण किती मिळायला हवे आणि सही करावी का, हे तिला हवे आहे.

ताई, दोन्ही कागदांवर आज सही करू नका. कारण खाली सांगतो. पण त्याआधी तुमच्या प्रश्नात न आलेली एक गोष्ट मला हवी आहे: भावाच्या पगारपत्रकावर ईएसआयची, म्हणजे कर्मचारी राज्य विमा योजनेची, कपात दिसते का? किती मिळेल हे नंतर ठरते. कोणाकडे मागायचे हे आधी ठरते, आणि ते या एका ओळीवर अवलंबून आहे.

अठरा हजार पगार म्हणजे ईएसआयच्या एकवीस हजारांच्या मर्यादेच्या आत. कामगाराच्या पगारातून पाऊण टक्का आणि मालकाकडून सव्वातीन टक्के जातात. कारखाना मोठा असेल तर तुमच्या भावाचे नाव तिथे असायलाच हवे. तसे असेल तर त्याला तीन गोष्टी मिळतात. उपचार. कामावर जाता येत नाही त्या काळासाठी सरासरी पगाराच्या सुमारे ९० टक्के रक्कम. आणि कायमचे अपंगत्व राहिले तर ईएसआयच्या वैद्यकीय मंडळाने ठरवलेल्या प्रमाणात आयुष्यभर दरमहा पैसे. ‘रस्त्यावर झाला, कामावर नाही’ हे कंत्राटदाराचे म्हणणे इथे टिकत नाही. घरून कामावर जाताना किंवा कामावरून घरी येताना झालेला अपघात, वेळ, जागा आणि नोकरी यांचा संबंध दाखवता आला तर, नोकरीतलाच अपघात मानावा, असे ईएसआय कायद्यात २०१० सालच्या दुरुस्तीने कलम ५१ई घालून स्पष्ट केलेले आहे.

तो संबंध दाखवायचा कसा? पाळी संपल्याची हजेरीयंत्रातली नोंद, १०८ ला फोन गेला ती वेळ, आणि पोलिसांच्या पंचनाम्यातली जागा. वेर्ण्याहून लोटली, बोरीमार्गे फोंडा ही त्याची नेहमीची वाट आहे, त्यामुळे जागेची अडचण नाही. वेळेचे तेवढे बघा. सहा वाजता पाळी सुटली आणि अपघात साडेसहाला झाला असेल तर कोणी हरकत घेणार नाही. मध्ये तीन तास गेले असतील तर ते कुठे गेले याचे खरे उत्तर हाताशी हवे. हजेरीची नोंद कंपनीच्या संगणकात कायम राहत नाही, म्हणून ती लेखी अर्ज करून आताच मागा आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या.

कंत्राटदाराने नावच नोंदवले नसेल तर काय, हा प्रश्न पुढे येणार. वेर्णा, कुंडई, मडकई, तुयें, कुठेही जा, कंत्राटी कामगारांच्या बाबतीत हे मी पुन्हा पुन्हा पाहतो. ईएसआयची वर्गणी भरण्याची पहिली जबाबदारी कायद्याने मूळ कंपनीवर आहे. ती पुढे कंत्राटदाराकडून वसूल करू शकते, पण ‘तो आमचा माणूस नाही’ असे ईएसआयला सांगून सुटू शकत नाही. म्हणून कंत्राटदाराच्या मागे धावू नका. कंपनीच्या एचआरला लेखी कळवा आणि पणजीला पाटो इथल्या ईएसआयच्या प्रादेशिक कार्यालयात कामाचे पुरावे घेऊन तक्रार द्या. गेटपास, बँकेत जमा झालेला पगार, पाळीच्या तक्त्याचा मोबाइलवरचा फोटो, काहीही चालते.

आता दुसरा मार्ग. ईएसआय लागूच होत नसेल, म्हणजे पगार मर्यादेच्या वर असेल किंवा आस्थापना त्यात येत नसेल, तरच कर्मचारी भरपाई कायदा, १९२३ उपयोगी पडतो. ईएसआय असताना मालकाकडून या कायद्याखाली भरपाई मागता येत नाही. ईएसआय कायद्याच्या कलम ५३ ची तशी बंदी आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून या जुन्या कायद्यांच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि जाता-येतानाचा अपघात तिच्यात स्पष्ट शब्दांत आहे. तुमच्या भावाचा अपघात त्याच्या आधीचा, म्हणून जुना कायदा. पण घाबरू नका. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जुन्या कायद्याचाही अर्थ तसाच लावला. मराठवाड्यातल्या एका साखर कारखान्याचा पहारेकरी पहाटेच्या पाळीला निघाला आणि वाटेत अपघातात गेला, त्या २००३ सालच्या प्रकरणात त्याच्या कुटुंबाला भरपाई मिळाली.

कर्मचारी भरपाई कायद्याची मोठी बाजू अशी की चूक कोणाची हे सिद्ध करावे लागत नाही. तुमचा भाऊच चुकीच्या बाजूने गेला असता तरी मालकाची जबाबदारी राहते. दारू पिऊन किंवा जाणूनबुजून नियम मोडून झालेला अपघात हा अपवाद आहे, आणि मृत्यू किंवा पूर्ण अपंगत्व आले तर तो अपवादही लागू होत नाही. मुदत दोन वर्षांची. अर्ज कामगार खात्याकडे. उणी बाजू म्हणजे हिशेबात पगार जास्तीत जास्त पंधरा हजारच धरतात. तीस वर्षांच्या माणसासाठी तक्त्यातला गुणक २०७.९८. पूर्ण अपंगत्वाला पंधरा हजारांचे ६० टक्के, म्हणजे नऊ हजार गुणिले २०७.९८, होतात १८,७१,८२०. कमाईची क्षमता निम्मी गेली असे ठरले तर ९,३५,९१०. त्यावर बारा टक्के व्याज, शिवाय प्रत्यक्ष झालेला औषधोपचाराचा खर्च.

एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट. कंत्राटदार पैसे देत नसेल तर मूळ कंपनीला धरता येते असे लोक सांगतात. ते कंपनीच्या आवारातल्या किंवा तिच्या ताब्यातल्या जागेवरच्या अपघाताला लागू आहे. बोरीच्या रस्त्यावरच्या अपघाताला नाही. कलम १२ मध्येच तसे लिहिले आहे. म्हणजे या कायद्याखाली तुमच्यापुढे एकटा कंत्राटदार उरतो, आणि त्याने कामगारांचा विमा काढलेला नसेल तर आदेश हातात असूनही वसुलीसाठी वर्षे जातात. म्हणून तर पगारपत्रकावरची ती ओळ मी आधी विचारली.

तिसरा मार्ग कारवाल्याविरुद्धचा. मोटार अपघात दावा ट्रायब्युनलपुढे मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली दावा, कारचा चालक, मालक आणि विमा कंपनी तिघांविरुद्ध. तुमच्या भावाच्या बाबतीत मोठी रक्कम इथे आहे. ईएसआयचे लाभ घेतले म्हणून हा मार्ग बंद झाला असे आपणहून धरू नका, पण ईएसआय कायद्याच्या कलम ५३ मध्ये मालकाबरोबर ‘इतर कोणाकडून’ असेही शब्द आहेत, म्हणून ती बंदी तिऱ्हाईत गाडीवाल्यालाही लागते का, हे वकिलाला आधी विचारा. कर्मचारी भरपाई कायद्याचे मात्र स्पष्ट आहे. मोटार वाहन कायद्याचे कलम १६७ सांगते की दोन्हींपैकी एकच निवडा. एकदा एका ठिकाणी पैसे मिळवले की दुसरीकडे जाता येत नाही. कंत्राटदाराच्या पन्नास हजारांच्या कागदाची मला धास्ती आहे ती याच्यासाठी. हक्क सोडून देणारा करार कायद्याने रद्दबातल आहे, हे खरे. पण त्या कागदावर ‘भरपाई मिळाली, तक्रार नाही’ असे लिहिलेले असेल तर उद्या विमा कंपनीचा वकील तोच कागद ट्रायब्युनलपुढे ठेवील आणि तुमचे वर्षभर त्याला उत्तर देण्यात जाईल. कंत्राटदाराला खरोखर मदत करायची असेल तर त्याने बँकेत पैसे भरावेत. सही कशाला हवी?

अडीच लाखांचे त्याहून गंभीर आहे. १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेल्या कलम १६४ खाली गंभीर दुखापतीला अडीच लाख आणि मृत्यूला पाच लाख, चूक सिद्ध न करता मिळतात. विमा कंपनीचा माणूस खोटे बोलत नाही. पण हे पैसे स्वीकारले की ट्रायब्युनलपुढचा दावा संपतो, हे तो सांगत नाही. कायद्यातच तसे आहे. ज्याची चूक स्वतःची आहे, किंवा समोरच्याची चूक दाखवायला काहीच पुरावा नाही, अशा माणसाने हे पैसे जरूर घ्यावेत. मी स्वतः लोकांना तसा सल्ला देतो. तुमच्या भावाच्या बाबतीत गाडी त्याच्या बाजूला आली असेल तर अडीच लाख म्हणजे त्याच्या हक्काचा छोटा तुकडा.

आता आकडा. महिना अठरा हजार. चाळिशीच्या आतल्या आणि कायम नोकरी नसलेल्या माणसाच्या कमाईत पुढच्या वाढीसाठी ४० टक्के मिळवतात, २०१७ च्या घटनापीठाच्या निकालाप्रमाणे. झाले २५,२००. वर्षाचे ३,०२,४००. २६ ते ३० वयाला गुणक १७. एकूण ५१,४०,८००. याला अपंगत्वाच्या टक्क्याने गुणायचे, आणि सगळा खटला त्या टक्क्यावर उभा राहतो.

दाखल्यावर ४० टक्के आहेत, पण ते उजव्या पायाचे की सगळ्या शरीराचे, हे नीट वाचा. बहुतेक दाखल्यांत एका अवयवाचे असतात. विमा कंपनीचा वकील म्हणेल, पायाचे ४० म्हणजे शरीराचे फार तर १५-२०. वीस धरले तर रक्कम १०,२८,१६०. पण सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात सांगितले आहे की बघायचे ते पायाचे टक्के नव्हेत आणि शरीराचेही नव्हेत. त्या पायामुळे त्या माणसाची कमाईची ताकद किती गेली, ते बघायचे. टेबलावर बसून काम करणाऱ्या कारकुनाचा गुडघा वळला नाही तर त्याचा पगार फारसा बुडत नाही. फिटरचे तसे नाही. निम्मी ताकद गेली असे सिद्ध झाले तर तोच हिशेब २५,७०,४०० वर जातो. पाय तोच, अपघात तोच, फरक पंधरा लाखांच्या वर.

म्हणून माझ्याकडे असा कामगार आला की मी कायद्याचे पुस्तक बाजूला ठेवतो आणि त्याला त्याचा दिवस सांगायला लावतो. पंपाच्या तळाचे बोल्ट आवळायला उकिडवे बसावे लागते का? किती वेळ? पाइपलाइनची झडप बदलायला शिडीवर किती उंच? शिडीवर दोन्ही हात कामात असतात, म्हणजे सगळे वजन पायांवर. मोटर उचलताना साखळी-कप्पी असते की दोघे मिळून हाताने उचलतात? रात्रपाळीला बरोबर हेल्पर असतो का? हे सगळे प्रतिज्ञापत्रात जसेच्या तसे घालायचे. त्याच्या बरोबरीने काम करणाऱ्या एकाची साक्ष हवी, आयटीआयचे प्रमाणपत्र हवे, आणि कंपनीकडून ‘फिटर’ एवढ्या एका शब्दाऐवजी कामाचे स्वरूप लिहिलेले पत्र मिळाले तर फार उत्तम. मग दाखला देणाऱ्या डॉक्टरांना साक्षीला बोलवायचे आणि त्यांना सरळ विचारायचे: हा माणूस उकिडवा बसू शकेल का, शिडी चढू शकेल का, वीस किलो वजन घेऊन पायऱ्या उतरू शकेल का? डॉक्टर येत नाहीत, तारखा पडतात, म्हणून अनेक वकील नुसता दाखला जोडून मोकळे होतात. तसे करू देऊ नका. दाखला बोलत नाही, डॉक्टर बोलतात.

भाऊ पुढे कामावर रुजू झाला तर क्लेम बुडेल, अशी भीती अनेकांना घातली जाते. घरी बसून राहण्याची काही गरज नाही. हलक्या कामावर कमी पगारात घेतले तर त्या दोन पगारपत्रकांतला फरक हा उलट सर्वांत चांगला पुरावा.

या रकमेखेरीज उपचाराच्या काळातला बुडालेला पगार, वेदना, प्रवास, पथ्य, सोबत राहणाऱ्याचा खर्च आणि पुढे रॉड काढायच्या ऑपरेशनचा खर्च मागता येतो. गोमेकॉत, म्हणजे बांबोळीच्या गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळात, उपचार झाले असतील तर बिले फारशी नसतात, पण बांबोळीला फोंड्याहून टॅक्सी करून तपासणीला गेलात तो खर्च होतोच. त्या पावत्या जपा. रॉड काढायला किती येईल हे डॉक्टरांकडून लेखी घ्या, कारण एकदा निवाडा झाला की त्या ऑपरेशनसाठी पुन्हा दावा लावता येणार नाही.

चूक कारवाल्याची होती हे कशावरून ठरते? मुख्यतः पंचनाम्याचा नकाशा. काचांचे तुकडे रस्त्याच्या मधल्या रेषेच्या कोणत्या बाजूला पडले, मोटरसायकल कुठे होती, ब्रेकच्या खुणा कुठे. पोलीस स्टेशनवर जाऊन नकाशाची प्रत घ्या आणि ती भावाला दाखवा. इस्पितळात बेशुद्ध असलेल्या माणसाची जबानी उशिरा घेतली जाते, आणि तोवर कागदावर दुसऱ्याचीच हकिकत आलेली असते. नकाशा आणि त्याची आठवण जुळत नसेल तर त्याने पुरवणी जबानी द्यावी, आरोपपत्र दाखल होण्याआधी. फौजदारी खटल्यात कारचालक नंतर निर्दोष सुटला तरी क्लेम बुडत नाही, ट्रायब्युनलपुढे पुराव्याची पातळी सौम्य असते. भावाने हेल्मेट घातले नव्हते असे निघाले तरी मोडलेल्या पायाशी त्याचा संबंध नाही. हे वकिलाने ठासून सांगायला हवे.

भाड्याच्या कारचेही बघा. आपल्याकडे काळ्या पाटीवर पिवळी अक्षरे असलेली गाडी म्हणजे रीतसर भाड्याने देण्याचा परवाना असलेली. पांढऱ्या पाटीची खासगी गाडी गुपचूप भाड्याने दिलेली असेल तर विमा कंपनी अटी मोडल्याचे सांगून अंग काढून घ्यायला बघते. अशा वेळी कंपनीने आधी तुम्हाला पैसे द्यावेत आणि मग मालकाकडून वसूल करावेत, असा आदेश मागावा लागतो, आणि म्हणून गाडीमालकाला दाव्यातून कधीही वगळू नका. पर्यटक चालक दिल्लीला किंवा बंगळुरूला परत गेला म्हणून काही अडत नाही. तो हजर राहिला नाही तरी मालक आणि कंपनी इथेच आहेत. भावाला दावा अपघाताच्या जागेनुसार मडगावला लावता येतो, किंवा तो राहतो त्या भागातल्या ट्रायब्युनलपुढेही. फोंड्याहून तारखांना जायला काय सोयीचे ते बघा.

इथे मुदत सहा महिन्यांची आहे. ऑक्टोबरच्या शेवटचा अपघात म्हणजे एप्रिलच्या शेवटी ती संपते. या अटीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले आहे, पण तुमच्या भावाने त्यावर विसंबून राहू नये. सगळे कागद जमेपर्यंत थांबू नका. दावा आधी दाखल करा, कागद मागून जोडता येतात. याच आठवड्यात पगारपत्रक, एफआयआर, नकाशा आणि दाखला एवढे घेऊन वकील गाठा.

हे उत्तर वाचणाऱ्या इतरांसाठी एक वेगळी परिस्थितीही सांगतो, कारण गोव्यात ती रोज दिसते: बांधकामाचे मजूर पिकअपच्या मागे बसवून नेतात आणि पिकअप उलटते. मालवाहू गाडीत फुकट बसलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर नसते, हे आता पक्के आहे. म्हणून अशा मजुरांनी आपण प्रवासी होतो असे कधीही लिहून देऊ नये, कारण ते खरेही नसते. ते गाडीमालकाचे किंवा मुकादमाचे कामगार म्हणून कामावर निघालेले असतात. तेच पहिल्या जबानीत यायला हवे, आणि पॉलिसीत कामगारांसाठी वेगळा हप्ता भरलेला आहे का, हे पॉलिसीची पूर्ण प्रत मागवून बघायला हवे. त्यांच्यासाठी बहुधा कर्मचारी भरपाईचाच मार्ग बरा.

शेवटी वकिलाच्या फीचे. रकमेतला ठरावीक टक्का मागणारा कोणी भेटला तर नको म्हणा. बार कौन्सिलच्या नियमांत ते निषिद्ध आहे. फी परवडत नसेल तर औद्योगिक कामगाराला आणि अपंग व्यक्तीला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळण्याचा हक्क विधी सेवा कायद्यात आहे, आणि तुमचा भाऊ दोन्हींत बसतो. फोंडा न्यायालयाच्या इमारतीत तालुका विधी सेवा समितीची चौकशी करा. तिथे अर्ज एका पानाचा असतो, सोबत ओळखपत्र आणि अपंगत्वाचा दाखला लागतो. लोकअदालतीत तडजोड सुचवली गेली तर ऐकून घ्या, पण तिथे झालेल्या निवाड्यावर अपील नसते, म्हणून डॉक्टरांची साक्ष होण्याआधी ती स्वीकारू नका.